जहाज पाण्यात उतरतानाची जुनी फिल्म कशी तपासावी

जुन्या मूकफिल्मांच्या याद्या करताना युद्धनौकेच्या जलावतरणाचं रीळ हाती आलं, की डब्यावरचं नाव मी सगळ्यात शेवटी वाचते. डबे सर्रास अदलाबदल होतात.

मूळ फिल्म नायट्रेटची, म्हणजे पूर्वीच्या चटकन पेटणाऱ्या प्लॅस्टिकची असेल तर ती प्रोजेक्टरवर चढवायचीच नाही. ती पेटली की पाण्यानेही विझत नाही. उजेडाच्या टेबलावर ठेवून आधी कडेची भोकं बघा. फ्रान्सच्या लुमिएर बंधूंच्या सुरुवातीच्या फिल्मला दर फ्रेमला दोन्ही कडांना एकेक गोल भोक असे, अमेरिकेच्या एडिसनच्या पद्धतीत चार-चार. नंतर काढलेल्या प्रतीवर कधी कधी जुन्या भोकांची सावलीही छापून आलेली दिसते. ती सापडली तर सोनंच, मूळ फिल्म कोणत्या पद्धतीची ते त्यावरून कळतं.

मग वेग. कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवत, साधारण सेकंदाला १६ फ्रेम. ३५ मिलिमीटरच्या एका फुटात १६ फ्रेम बसतात, म्हणजे ६० फूट फिल्म सुमारे मिनिटभर चालते. तीच २४च्या वेगाने लावली तर हजारो टनांचं धूड साबणाच्या वडीसारखं सुळकन निसटतं. वेग ठरवताना टोप्या हलवणाऱ्या गर्दीकडे बघू नका, माणसं कशीही हात हलवतात. वरून खाली पडणारं काही दिसतंय का ते शोधा: लाकडाचा तुकडा, उडालेलं पाणी. पडण्याचा वेग ठरलेला असतो.

जहाज ओळखताना पुरी बांधून झालेल्या नौकेचे फोटो फारसे कामाचे नाहीत. उतरताना त्यावर तोफा नसतात, बहुधा धुराडीही नसतात. नाळेचा, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाचा आकार आणि नांगराच्या साखळीची भोकं जुळवा. रंगावरून तर काहीच ठरवू नका. तेव्हाच्या फिल्मला लाल रंग काळाच दिसे.

आणि जहाज चौकटीबाहेर गेलं म्हणून थांबू नका, काठ बघा. २१ जून १८९८ला लंडनच्या ब्लॅकवॉलला, थेम्स आयर्नवर्क्स या जहाजांच्या कारखान्यात ‘अल्बियन’ ही युद्धनौका पाण्यात उतरली. तिच्या लाटेने प्रेक्षकांनी भरलेला लाकडी पूल कोसळला आणि तीसहून अधिक माणसं बुडाली. रॉबर्ट पॉल हा इंग्रज चित्रपटकार त्या वेळी बोटीवरून चित्रण करत होता. प्रेस्टविच या दुसऱ्या चित्रणकारानेही तोच समारंभ टिपला. म्हणून एकाच जलावतरणाच्या दोन फिल्मा आल्या, तर कॅमेरा जमिनीवर होता की पाण्यावर ते लिहून दोन वेगळ्या नोंदी करा. जहाजाचं नाव अंदाजाने घातलं असेल, तर पुढे प्रश्नचिन्ह टाका.