भिंतीतलं मधमाश्यांचं पोळं: भोक बुजवू नका, आधी पोळं काढा

आधी बघायचं ते हे, की माश्या नुसत्या घोसानं लटकल्यात की एखाद्या भोकातून ये-जा करताहेत. पोळं नसलेला घोस म्हणजे जागा शोधणारा थवा. खिडकी उघडी ठेवा, खोलीचं दार लावून घ्या. बहुतेक वेळा तो दोन-तीन दिवसांत जातो. पण भोकातून ये-जा असेल आणि मागच्या पायांवर परागाचे गोळे दिसत असतील, तर आत पिल्लं वाढताहेत. त्या आपणहून हलणार नाहीत.

घरात कुणाला दंशाची ॲलर्जी असेल, पोळं उंचावर असेल किंवा आग्या मोहोळ असेल, तर मधमाशीपालकालाच बोलवा.

भोक सिमेंटनं बुजवण्याचा सल्ला ऐकूच नका. कोंडलेल्या माश्या उजेडाकडे वाट काढतात आणि स्विचबोर्डातून, फटींतून खोलीत उतरतात. कीटकनाशकाचा फवारा त्याहून वाईट. माश्या पिल्लांचा भाग साधारण ३५ अंशांवर राखतात आणि गरम झालं की पंखांनी वारा घालतात. त्या मेल्या की उन्हानं मेण मऊ पडतं, मध भिंतीतून पाझरतो, पिल्लं कुजतात, मुंग्या लागतात. मेणाचा वास पुढच्या थव्यालाही तिथेच आणतो. फवारलेला मध तर अजिबात खायचा नाही.

म्हणून पोळं काढायलाच हवं. ते भोकाच्या अगदी मागे असेल असं धरू नका. रात्री भिंतीला कान लावा. गुणगुण सर्वांत मोठी येते तिथे खूण करा. खोलीच्या बाजूच्या सगळ्या फटी चिकटपट्टीनं बंद करा, नाहीतर धूर दिल्यावर माश्या आत येतील. सकाळी उन्हं वर आली की बुरखा-हातमोजे घालून भोकाशी धुराचे दोन-चार झोत द्या आणि खुणेपाशी भिंत उघडा.

मधाचे तुकडे झाकणाच्या डब्यात टाका. पिल्लांची पोळी कापताना वरची बाजू वरच ठेवा आणि लाकडी चौकटीत सुती दोऱ्यानं बांधून मधमाश्या पाळायच्या पेटीत लावा. इथे घाई केली की राणी चिरडते, आणि राणीवाचून वसाहत टिकत नाही. पेटीच्या दाराशी माश्या शेपटीकडचा भाग उंचावून पंख हलवू लागल्या, तर राणी बहुधा आत आहे. पेटी अंधार पडेपर्यंत भोकाजवळच असू द्या, म्हणजे चरायला गेलेल्याही परततात. मग दोन-तीन किलोमीटर लांब न्या. जवळ ठेवली तर त्या जुन्या भोकाशीच येतात.

डंख झाला तर नांगी लगेच नखानं खरवडून काढा आणि बाजूला व्हा, कारण नांगीच्या वासानं बाकीच्या चवताळतात. दम लागला, ओठ सुजले किंवा एकदम बरेच डंख बसले, तर तडक रुग्णालय.

पोकळीतलं मेण शेवटच्या थरापर्यंत खरवडा, साबणाच्या पाण्यानं धुवा, वाळल्यावर पोकळी भरून टाका. नुसत्या रंगानं वास दबत नाही. हवेसाठी ठेवलेल्या भोकांना ३ मिलिमीटरची जाळी लावा.