डोलीचा जवळा आणि सोडे: शंभर वर्षांपूर्वीची पद्धत

वर्सोवा, वसई, अर्नाळा, सातपाटी या पट्ट्यात भरती-ओहोटीची ओढ जबरदस्त असते. डोल चालते ती त्याच ओढीवर. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हे शंकूसारखं जाळं सूत-तागाचं असे. नायलॉन फार पुढे आलं. सूत कुजू नये म्हणून ऐनाच्या सालीच्या काढ्यात जाळं पुन्हा पुन्हा बुडवून वाळवत. यात आळस केला की हंगामाच्या मध्यावरच खोला, म्हणजे जाळ्याचं माल साठणारं निमुळतं टोक, फाटे.

समुद्रतळात ठोकलेल्या खुंटांना डोल बांधायची, तोंड प्रवाहाकडे. ओढ थांबली की लगेच उचलायची, नाहीतर उलट्या पाण्यात माल निसटतो. उधाणाचे दिवस धरावेत. भांगाला, म्हणजे लहान भरती-ओहोटीच्या दिवसांत, पाणी मंद पडतं आणि खोला रिकामा येतो.

खरी कसोटी किनाऱ्यावर. जवळा म्हणजे अगदी बारीक कोलंबी. तिच्या डोक्यातला पाचकरस मेल्यावर तिलाच आतून विरघळवू लागतो, म्हणून पाटीत ढीग ठेवला की दुपारपर्यंत लगदा. आधी खेकड्याची पिल्लं, मांदेली वेचून काढा. मग शेणाने सारवलेल्या खळ्यावर किंवा चटईवर अर्ध्या बोटाचा पातळ थर. उघड्या वाळूवर घातलेल्या जवळ्यातली कचकच कितीही धुतली तरी जात नाही. तासा-दोन तासांनी हाताने परता. दव पडायच्या आत गोळा करून झाका. कडक उन्हात एक दिवस पुरतो, मळभ असलं तर दोन. मूठ आवळून उघडा: जवळा मोकळा सांडला तर झाला, गोळा राहिला तर परत उन्हात. ४-५ शेर ओल्याचा साधारण १ शेर सुका होतो. मीठ लागत नाही, आणि मिठावर सरकारी कर असलेल्या त्या काळात हा मोठाच आधार होता.

सोड्यांसाठी कोलंबी ताजीच सोलून वाळवावी. उशीर झाला की काळे डाग पडतात. छोटी करंदी मात्र उकडून वाळवणं सोपं. १० शेर खळखळत्या पाण्यात अर्धा शेर मीठ, त्यात करंदी. लाल होऊन वळली की काढायची. जास्त शिजली तर दगड होते. कडक वाळल्यावर गोणपाटात घालून बडवायची, सुपाने सालपटं पाखडायची. सालपटं माडाच्या मुळाशी.

वैशाखात सगळं एकदा पुन्हा उन्हात घालून, पूर्ण निवल्यावरच डब्यात भरा. गरम भरलं तर आत घाम धरून बुरशी येते, ती नेमकी पावसात.