वादी वारल्यानंतर दावा पुढे चालवण्याची तयारी: नव्वद दिवस मृत्यूच्या तारखेपासून

घरातील माणूस गेला असेल आणि त्याच्या नावाचा दिवाणी दावा पुण्यातील शिवाजीनगरच्या न्यायालयात चालू असेल, तर मृत्यूच्या तारखेपासूनचा नव्वदावा दिवस सर्वांत आधी कॅलेंडरवर लिहावा. पुढील सुनावणीची तारीख नव्हे, नव्वदावा दिवस. माझे वडील १० जूनला वारले. जमिनीच्या ताब्याच्या दाव्यात ते एकटेच वादी होते आणि पुढची तारीख २७ नोव्हेंबरची होती. त्या दिवशी जाऊन सांगू, असे आम्ही ठरवले. मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद १२० प्रमाणे वारसांना रेकॉर्डवर घेण्याच्या, म्हणजे मृताच्या जागी दाव्यात त्यांची नावे लावण्याच्या अर्जाची मुदत ८ सप्टेंबरलाच संपली होती. मग दावा संपण्यासाठी न्यायाधीशांना वेगळा आदेशही काढावा लागत नाही. मुदतीत अर्ज आला नाही की दावा आपोआप अबेट होतो, म्हणजे संपुष्टात येतो, आणि त्याच कारणावर नवा दावाही लावता येत नाही.

म्हणून वकिलांना पहिल्याच आठवड्यात कळवावे. पक्षकार वारल्याचे न्यायालयाला कळवण्याचे कर्तव्य दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२, नियम १०-अ ने वकिलांवर टाकलेले आहे, परंतु त्यांना आम्हीच काही सांगितले नव्हते.

महापालिकेचा मृत्यूदाखला लागतो, त्याच्या जादा प्रती घ्याव्यात. वारसांच्या यादीत मात्र घाई करू नये: आई, पत्नी, मुलगे, विवाहित मुली, आधी वारलेल्या मुलाची पत्नी आणि मुले, या सर्वांची नावे, वये व पत्ते हवेत, अज्ञान (अल्पवयीन) वारसासाठी पालक हवा, आणि मृत्युपत्र असेल तर ते लपवू नये. बहीण पुढे हक्कसोड करून देणार आहे, म्हणून तिचे नाव आज गाळणे चूक आहे. वारस दाखला हाती येईपर्यंत थांबणे ही त्याहून मोठी चूक, कारण वारस कोण याबद्दल वाद असेल तर त्याच आदेश २२ च्या नियम ५ खाली तेच न्यायालय तो ठरवते आणि तोवर नव्वद दिवस कोणासाठी थांबत नाहीत. सातबाऱ्यावर वारस नोंद झाली म्हणजे दाव्यातही वारस आले, असे समजू नये. आमच्या घरात तोही समज होता. तलाठ्याकडचा फेरफार वेगळा आणि नियम ३ चा अर्ज वेगळा, आणि हा अर्ज नव्वद दिवसांतच द्यायचा आहे, त्यासाठी तारखेची वाट पाहायची नाही.

मुदत हुकलीच, तर अबेटमेंट रद्द करून घेण्यासाठी अनुच्छेद १२१ खाली आणखी साठ दिवस मिळतात. आमचे ते ७ नोव्हेंबरला संपले, त्यामुळे मुदत अधिनियमाच्या कलम ५ खाली विलंबमाफीही मागावी लागली: विलंब माफ करा, अबेटमेंट रद्द करा, वारस रेकॉर्डवर घ्या, अशा तीन विनंत्या आणि प्रत्येकीला प्रतिपक्षाची हरकत. अर्ज मंजूर झाला, पण चौदा महिने मूळ दाव्यात एकही साक्ष झाली नाही, आणि माझी आई तोवर थकली.

प्रतिवादी वारला तरी नियम ४ खाली हेच नव्वद दिवस लागू होतात, आणि बातमी काढणे वादीचे काम आहे. परगावी राहणाऱ्या प्रतिवादीची चौकशी अधूनमधून करावी. तो हजर झाला नसेल किंवा त्याने कैफियत (दाव्याला लेखी उत्तर) दिली नसेल, तर वारस आणण्यातून सूट मिळू शकते, पण ती निकालापूर्वी मागून घ्यावी लागते. सुनावणी पूर्ण होऊन केवळ निकाल बाकी असेल, तर नियम ६ मुळे दावा अबेट होत नाही. अपिलालाही नव्वद दिवसच. दरखास्तीला, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीच्या अर्जाला, हा नियम नाही.

अर्ज मंजूर झाल्यावर दिलेल्या मुदतीत वादपत्रात दुरुस्ती, सर्व वारसांच्या सह्यांचे नवे वकीलपत्र, आणि सही न देणाऱ्या वारसाला प्रतिवादी करणे, इतके उरते.