गोम, गांडूळ आणि प्रोटोस्टोमचा पेपर

शिवाजी विद्यापीठात असो नाहीतर शहरातल्या एखाद्या कॉलेजात, एमएस्सी प्राणिशास्त्राला आलेली बहुतेक मुलं अपृष्ठवंशीयांचा पेपर तक्ता करून पाठ करतात. देहगुहा (आतडं आणि अंगाची भिंत यांच्यामधली पोकळी) नाही ते चपटे कृमी, खोटी देहगुहा ते गोलकृमी, आणि खरी देहगुहा असलेले गांडूळ, झुरळ, गोगलगाय. तक्ता यायलाच हवा, मार्क त्यावरच मिळतात. पण कोण कोणाचा भाऊबंद हे त्यातून कळत नाही, आणि नेट-सेटची तयारी करताना नेमकी तिथेच गाडी अडते.

माझं सांगणं एवढंच, की प्राणी समोर आला की आधी विचारा: हा कात टाकतो का?

गोम आणि गांडूळ शेजारी ठेवून बघा. दोघांचं अंग खंडाखंडांचं, दोघांचा चेतारज्जू पोटाच्या बाजूने. एकोणिसाव्या शतकात कुव्हिये या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने दोघांना एका गटात घातलं होतं आणि ते कुणालाही पटण्यासारखंच होतं. 1997 साली 18एस आरआरएनएच्या (पेशीत प्रथिनं बनवणाऱ्या रायबोसोमचा एक घटक) जनुकाची तुलना झाली आणि गोम निघाली पोटातल्या जंताची नातलग! दोघंही वाढताना कात टाकतात, हालचालीसाठी सिलिया (पेशींवरचे हलणारे बारीक केस) दोघांनाही नाहीत. हा गट एक्डायसोझोआ. गांडूळ, जळू, गोगलगाय, शिंपला हे दुसऱ्या बाजूला, लोफोट्रोकोझोआत. ते नाव 1995 चं. हे दोन्ही गट मिळून प्रोटोस्टोम. गंमत म्हणजे देहगुहा नसलेले चपटे कृमीसुद्धा याच बाजूचे. तक्त्यात ते पार तळाशी असतात.

तोंडी परीक्षेत ‘ब्लास्टोपोरचं (भ्रूणात आतडं तयार होताना पडणारं पहिलं छिद्र) तोंड होतं तो प्रोटोस्टोम’ एवढ्यावर थांबू नका. प्रायापुलिड हे समुद्रतळातले कृमी पक्के एक्डायसोझोआ, पण त्यांच्यात ब्लास्टोपोरच्या जागी गुदद्वार होतं, असं 2012 मध्ये दिसून आलं. ग्रोबेन या प्राणिशास्त्रज्ञाने 1908 मध्ये मांडलेला प्रोटोस्टोम हा गट टिकला तो जनुकांच्या पुराव्यावर. त्याची जुनी व्याख्या मात्र सैल झाली आहे.

विच्छेदन बंद करायला यूजीसीने 2014 मध्येच सांगितलं, तेव्हा बघण्याची सवय लावून घ्यायची ती जिवंत प्राण्यांवर. सगळ्यात स्वस्त सोय गोगलगायीची. तळ्याकाठच्या पाणवनस्पतींची पानं उलटली की खाली लिम्निया या गोड्या पाण्यातल्या गोगलगायीची अंडी मिळतात. नितळ जेलीची पट्टी आणि आत दाणे. पान पाण्यासकट वाटीत आणा, साध्या मायक्रोस्कोपखाली धरा. अंडी ताजी असतील तर चाराच्या आठ पेशी होताना नीट बघा. वरच्या चार लहान पेशी खालच्या मोठ्यांच्या डोक्यावर बसत नाहीत, थोड्या वळून दोन पेशींमधल्या खाचेवर बसतात. हेच स्पायरल क्लीव्हेज, म्हणजे वळसा घेत होणारं पेशींचं विभाजन. पुस्तकातली आकृती कितीही वेळा काढली तरी तो वळसा डोक्यात बसत नाही, इथे बसतो. पुढे ट्रोकोफोर या अळीची अवस्थाही अंड्यातच उरकते आणि इवलासा शंख घेतलेलं पिल्लू आतल्या आत फिरताना दिसतं.

मोठी गोगलगाय मिळाली तर शंखाचं टोक वर आणि तोंड आपल्याकडे धरा. लिम्नियाचं तोंड सहसा उजवीकडे येतं, फायसा या दुसऱ्या गोगलगायीचं डावीकडे. पिळाची ही दिशा त्या आठ पेशींच्या वळशातच ठरलेली असते, आणि वळसा ठरतो आईच्या जनुकांवरून, पिल्लाच्या स्वतःच्या नव्हे. आनुवंशिकीच्या पेपरातही हे उदाहरण कामाला येतं.

नदी-ओढ्याच्या खेकड्याबद्दल एकच इशारा. पुस्तकात झोइया अळी असते ती समुद्री खेकड्याची. आपल्याकडच्या मादीच्या पोटाखालच्या झाकणात थेट तयार पिल्लं सापडतात. फोटो काढा आणि सोडून द्या. राधानगरी अभयारण्यात तर वनखात्याच्या परवानगीशिवाय काही उचलायचंच नाही.

नोकरीचं म्हणाल, तर नुसत्या वर्गीकरणावर पोट भरणं अवघड, हे आधीच सांगून ठेवतो. कीटकशास्त्र जोडीला घ्या. आपला उसाचा पट्टा आहे आणि हुमणी, म्हणजे जमिनीत राहणारी भुंगेऱ्याची अळी, हीसुद्धा कात टाकत वाढणारी एक्डायसोझोआच. अळीच्या तीन अवस्था; तिसरी सगळ्यात खादाड, उसाची मुळंच खाते. वळवाचा पाऊस पडला की भुंगेरे जमिनीतून निघून संध्याकाळी कडुलिंबा-बाभळीवर येतात, तेव्हाच ते गोळा करायचे, म्हणजे अंडी घालायच्या आत. हे बांधावर उभं राहून शेतकऱ्याला त्याच्या भाषेत सांगता आलं, तर मुलाखतीत निम्मं काम होतं. त्याची तयारी पहिल्या वर्षाच्या मे-जूनमध्येच करा. भुंगेरे तेव्हाच बाहेर असतात.