पाळी पुढे ढकलायची गोळी घेताय? नॉरएथिस्टेरॉन हे नाव आधी नीट वाचा आणि या चुका टाळा

गौरी-गणपती जवळ आले, लग्नसराई सुरू झाली, नाहीतर घरी सत्यनारायण ठरला की मेडिकलच्या काउंटरवर एक ठरलेलं वाक्य ऐकू येतं, तेही ओठातल्या ओठात, "ती पाळी पुढे ढकलायची गोळी द्या ना." मी काउंटरच्या आतल्या बाजूला असते म्हणून सांगते, गोळीचं नाव शंभरातली एखादीच घेते. बऱ्याच जणी नवऱ्याला नाहीतर मुलाला पाठवतात, आणि त्याच्या मोबाईलमध्ये जाऊबाईंनी मागच्या वर्षी घेतलेल्या पट्टीचा फोटो असतो, अर्धी कापलेली पट्टी, आणि नेमका नाव छापलेला तुकडाच गेलेला. मग तो बिचारा म्हणतो "पांढरी, छोटी, गोल गोळी आहे." अहो पांढऱ्या छोट्या गोल गोळ्या दुकानात शेकड्याने आहेत.

तर त्या गोळीचं नाव नॉरएथिस्टेरॉन, बहुतेक वेळा ५ मिलिग्रॅमची. प्रिमोल्यूट-एन, रेजेस्ट्रॉन ही कंपन्यांनी दिलेली नावं, आतलं औषध तेच. पट्टीवर मोठ्या अक्षरात ब्रँड असतो आणि त्याच्याखाली बारीक अक्षरात औषधाचं खरं नाव असतं, तुम्ही ते बारीक नाव लक्षात ठेवा, कारण ब्रँड बदलला की लोकांना वाटतं औषधच बदललं आणि मग एकाच औषधाच्या दोन पट्ट्या घरात येतात, किंवा त्याहून वाईट म्हणजे भलतंच औषध येतं.

नाव थोडं उलगडून सांगते, म्हणजे भीती जाईल आणि लक्षातही राहील. आपल्या अंगात पाळीच्या आधीचे दोनेक आठवडे प्रोजेस्टेरॉन नावाचं हार्मोन गर्भाशयाचं अस्तर धरून ठेवतं, ते कमी झालं की अस्तर सुटतं आणि पाळी येते. हेच प्रोजेस्टेरॉन तोंडाने दिलं तर पूर्वी फारसं लागू पडायचं नाही, कारण लिव्हर त्याची लगेच वाट लावतं. म्हणून केमिस्ट लोकांनी टेस्टोस्टेरॉनचा सांगाडा घेऊन त्यात बदल केले. 'स्टेरॉन' त्याचंच शेपूट. 'एथि' म्हणजे त्याला जोडलेला इथिनाइल नावाचा तुकडा, ज्यामुळे गोळी पोटातून जाऊनही टिकते. आणि 'नॉर' म्हणजे त्यातला एक कार्बन काढून टाकलाय, त्याने ते प्रोजेस्टेरॉनसारखं जोरात काम करायला लागतं. टेस्टोस्टेरॉन हे नाव वाचून एक कॉलेजची मुलगी घाबरून परत आली होती की मला दाढीमिशा येतील का म्हणून. चार-सहा दिवसांच्या कोर्समध्ये तसं काही होत नाही, एखादीला पिंपल येतात, छाती दुखरी होते, मळमळतं, चिडचिड होते, पोट फुगल्यासारखं वाटतं एवढंच.

हे औषध पहिल्यांदा तयार झालं १५ ऑक्टोबर १९५१ ला, मेक्सिको सिटीत, सिंटेक्स नावाच्या कंपनीच्या लॅबमध्ये. कार्ल जेरासी आणि जॉर्ज रोझेनक्रान्झ यांच्या टीममधला लुइस मिरामोंतेस हा २६ वर्षांचा विद्यार्थी, त्याच्या हातून ती शेवटची पायरी झाली. कच्चा माल होता मेक्सिकोतला एक रानटी कंद. पण कंदापासून सुरुवात झाली म्हणून ही गोळी 'नॅचरल' किंवा निरुपद्रवी होत नाही हं, ती पक्की बनवलेली हार्मोनची गोळी आहे. ती मुळात पाळीच्या तक्रारींसाठी वापरात आली, नंतर गर्भनिरोधक गोळ्यांमध्ये गेली, आणि आजही डॉक्टर ती फक्त सणासाठी नाही तर अंगावरून जास्त जात असेल, एंडोमेट्रिओसिस (गर्भाशयाच्या आतल्यासारखं अस्तर गर्भाशयाबाहेर वाढण्याचा आजार) असेल तरी देतात, तेव्हा डोस आणि दिवस वेगळे असतात. म्हणून मैत्रिणीची चिठ्ठी आपल्याला चालत नाही.

आता चुकांकडे येते. सगळ्यात जास्त होणारी चूक म्हणजे उशीर. पाळी उद्यावर आलीय, पोटात दुखायला लागलंय, डागही दिसलाय, आणि मग माणूस मेडिकलला धावतो. तोपर्यंत अस्तर सुटायला लागलेलं असतं आणि गोळी ते परत चिकटवू शकत नाही. साधारण पद्धत अशी की पाळीच्या अपेक्षित तारखेच्या आधी निदान ३ दिवस सुरुवात करायची, दिवसाला ३ गोळ्या, सकाळ-दुपार-रात्र. समजा तुमची तारीख १० आहे आणि गौरी ११ तारखेला जेवणार आहेत, तर ७ तारखेला सकाळी पहिली गोळी पोटात गेली पाहिजे, १२ तारखेपर्यंत सगळं आटपेल म्हणून तोपर्यंत घ्यायची, म्हणजे ६ दिवसांच्या १८ गोळ्या झाल्या. दहाची एक पट्टी यात पुरत नाही, आणि ऐन पूजेच्या दिवशी गोळ्या संपल्या म्हणून रडवेल्या झालेल्या बायका मी पाहिल्यात. गोळी बंद केली की २-३ दिवसांत पाळी येते, म्हणजे इथे १४-१५ तारखेच्या सुमाराला. हा हिशोब कॅलेंडरवर पेनाने लिहून काढा आणि डॉक्टरांना दाखवा, तुमच्या तब्येतीप्रमाणे ते त्यात बदल करतील.

आणि यातच लपलेली दुसरी गोष्ट, ज्यांची पाळी अनियमित आहे, पीसीओडी आहे, त्यांची 'अपेक्षित तारीख' कुठली धरायची? अंदाजाने सुरू केलं तर एकतर उशीर होतो नाहीतर दहा-पंधरा दिवस उगाच हार्मोन पोटात जातं. अशांनी सणाच्या आधी महिनाभर डॉक्टरकडे जावं, आदल्या आठवड्यात नाही.

मधली गोळी विसरणं हे तर घरोघरी. सणाच्या गडबडीत दुपारची गोळी राहून जाते, फुलोरा करायचा असतो, पाहुणे असतात, आणि संध्याकाळी डाग दिसला की गोळीच खोटी आहे असं ठरतं. तीन वेळा द्यायचं कारणच हे की रक्तातली पातळी खाली जाऊ नये. मोबाईलमध्ये तीन अलार्म लावा. बाजारात सीआर असं लिहिलेली सावकाश सुटणारी गोळी पण मिळते, ती दिवसातून एकदाच असते, तिचे तुकडे करायचे नाहीत, चावायची नाही, आणि साधी ५ मिलिग्रॅमची लिहून दिलेली असताना "तेच आहे हो" म्हणून ती तीन वेळा घ्यायची तर अजिबात नाही.

नावांचा घोळ

इथे मी जरा जास्त बोलणार आहे कारण खरी गडबड इथेच होते. आय-पिल, अनवाँटेड-७२ यात असतं लेवोनॉरजेस्ट्रेल, ती असुरक्षित संबंधांनंतर तातडीने घ्यायची गोळी, पाळी पुढे ढकलण्यासाठी नाही, उलट तिने पाळीची तारीख इकडची तिकडे होते. डेव्हिरी म्हणजे मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन, डुफास्टॉन म्हणजे डायड्रोजेस्टेरॉन, दोन्ही प्रोजेस्टेरॉनच्या कुटुंबातले असले तरी डोस, दिवस, कारण सगळं वेगळं. ट्रॅनेक्झामिक ॲसिड रक्तस्राव कमी करतं, ते हार्मोनच नाही आणि त्याने पाळी थांबत नाही. मिफेप्रिस्टोन तर गर्भपाताचं औषध, नावाचं शेपूट ऐकायला सारखं वाटतं पण काम बरोबर उलटं, ते प्रोजेस्टेरॉनचा रस्ताच अडवतं. सरकारी दवाखान्यातलं 'अंतरा' इंजेक्शन तीन महिन्यांचं, त्यात मेड्रॉक्सीप्रोजेस्टेरॉन असतं, आणि नेट-एन म्हणतात ते दोन महिन्यांचं इंजेक्शन मात्र खरंच नॉरएथिस्टेरॉनचं आहे. तोंडी ऐकलेल्या नावावर विसंबलं की काय काय होऊ शकतं ते बघा.

"डॉक्टरांनी मला हीच गोळी पाळी येण्यासाठी दिली होती, मग हिच्याने थांबते कशी?" हा प्रश्न पण नेहमीचा. उत्तर साधं आहे, गोळी चालू आहे तोवर अस्तर टिकतं, बंद केली की सुटतं. डॉक्टर पाळी आणण्यासाठी देतात तेव्हा ते बंद केल्यानंतरच्या परिणामासाठी देतात.

अमेरिकेत असलेल्या मराठी मुलींसाठी मुद्दाम सांगते. तिकडे याच औषधाला नॉरएथिंड्रोन म्हणतात. तिथे सर्रास मिळते ती ०.३५ मिलिग्रॅमची रोज घ्यायची गर्भनिरोधक गोळी, तिलाच मिनी-पिल म्हणतात. आपल्याकडची ५ ची, म्हणजे चौदापटीहून जास्त. तिकडची पट्टी बघून "नाव तर तेच" म्हणत दिवसाला तीन घेतल्या तरी पाळी ढकलायचा डोस होत नाही, आणि इकडून आईने पाठवलेली ५ ची गोळी तिकडच्या मिनी-पिलच्या जागी घ्यायची नाही. तिकडे ५ ची गोळी पण मिळते, पण डॉक्टरच्या चिठ्ठीवर.

इकडेही ही चिठ्ठीवरच द्यायची गोळी आहे. न विचारता मिळते म्हणून बिनधास्त घेणं ही माझ्या मते सगळ्यात महाग पडणारी चूक, कारण या डोसला रक्ताच्या गाठी होण्याचा धोका थोडा वाढतो. अंगात गेल्यावर तिचा थोडासा भाग इस्ट्रोजेनमध्ये बदलतो हे त्याचं एक कारण. पायात किंवा फुप्फुसात पूर्वी गाठ झालेली असेल, घरात कोणाला तसा त्रास असेल, स्ट्रोक किंवा हार्टचा आजार, लिव्हरचा आजार, स्तनाचा कॅन्सर, डोळ्यांसमोर चमकत्या रेषा येऊन सुरू होणारी अर्धशिशी, कारण न कळता मध्येच अंगावरून जाणं, यातलं काहीही असेल तर डॉक्टरला सांगितल्याशिवाय एक गोळी पण नको. वजन जास्त असेल, सिगरेट-तंबाखू असेल, नुकतं ऑपरेशन झालं असेल तेही सांगा. चारधामला किंवा लांबच्या बसप्रवासाला जाताना बऱ्याच जणी घेतात, तासन् तास बसून राहण्यानेही गाठीचा धोका वाढतो, तेव्हा मध्ये मध्ये उतरून चाला, पाणी प्या. एकाच पायाची पोटरी सुजली, दुखतेय, गरम लागतेय, छातीत दुखतंय, धाप लागतेय, एकदम दिसेनासं झालं किंवा कधी नव्हे एवढं डोकं दुखलं तर पूजा राहू दे बाजूला, गोळी बंद करा आणि थेट हॉस्पिटल गाठा.

टीबीची रिफाम्पिसिन आणि फिट्सच्या काही गोळ्या, जसं कार्बामाझेपिन, फेनिटॉइन, यांनी नॉरएथिस्टेरॉनचा परिणाम कमी होतो. चालू औषधांची यादी दाखवायची लाज कसली.

अजून एक गैरसमज, पाळी थांबलीय म्हणजे आता दिवस राहणार नाहीत. चूक. पाळी ढकलायला अशी चार-सहा दिवस घेतलेली गोळी गर्भनिरोधक धरायची नाही, निरोध वगैरे जे वापरता ते वापरा. आणि दिवस राहिल्याची जरा जरी शंका असेल तर आधी प्रेग्नन्सी टेस्ट, मग गोळीचा विचार. अंगावर पाजत असाल तरी डॉक्टरला विचारूनच.

श्रावणात एकदा, गौरीला एकदा, नवरात्रात एकदा, दिवाळीत एकदा, असं प्रत्येक सणाला घेणाऱ्या बायका आहेत आणि त्यातल्या बऱ्याच जणींनी ते स्वतःहून ठरवलेलं नसतं, सासूबाई म्हणाल्या, नणंद म्हणाली, "एक गोळी घे की, काय होतंय." पाळीत देवाचं करायचं की नाही ते जिचं तिने ठरवावं, त्यावर मी वाद घालणार नाही, पण गोळी तिच्या पोटात जाते आणि पाय तिचा सुजतो, म्हणून घ्यायची का नाही हे ठरवायचा हक्क पण तिचाच. घरात नैवेद्य दाखवायला दुसरं कोणी असेल तर खरंच विचारून बघा, कितीतरी घरांत आता पुरुष माणसं करतात.

गोळी बंद केल्यावर येणारी पाळी कधी नेहमीपेक्षा जास्त जाते, कधी पुढच्या महिन्याची तारीख थोडी सरकते, त्याने घाबरू नका. पण बंद करून आठवडा झाला तरी पाळी आली नाही तर वाट बघत बसू नका आणि "आणायला" म्हणून परत तीच गोळी सुरू करू नका, सकाळच्या पहिल्या लघवीवर टेस्ट करा आणि टेस्ट काहीही आली तरी डॉक्टरला दाखवा, जाताना रिकामी पट्टी सोबत न्या, नाव छापलेल्या तुकड्यासकट.