डिशच्या छत्रीने सूर्य मोजताय? या चुका टाळा

रेडिओ खगोलशास्त्राच्या बऱ्याच पुस्तकांत मागच्या पानांवर एक घरगुती प्रयोग असतो. टीव्हीची जुनी छत्री, तिचाच एलएनबी (छत्रीसमोरच्या दांड्यावरची, संकेत पकडणारी डबी) आणि डिश बसवणारे संकेताचा जोर काट्यावर बघायला वापरतात तो सॅटेलाइट फाइंडर एवढं घ्यायचं, छत्री सूर्याकडे करायची, काटा चढला की रेडिओ दुर्बीण तयार. पुस्तकात हे दोन परिच्छेदांत उरकतं. पण ती पुस्तकं बहुतेक ४०-५० अंश अक्षांशांवर बसून लिहिलेली असतात. रत्नागिरी १७ अंशांवर आहे, अंगणात माड आहेत आणि वारा खारा आहे. त्यामुळे इथे चुकायच्या जागा थोड्या वेगळ्या आहेत.

सर्वांत मोठी चूक म्हणजे काटा हलला म्हणजे सूर्य सापडला असं समजणं. फाइंडरला सूर्य, उपग्रह, भिंत यांतला फरक कळत नाही. एलएनबीत शिरलेली सगळी ऊर्जा तो एकत्र मोजतो, आणि एलएनबी ऐकतो त्या ११ गिगाहर्ट्झच्या आसपास प्रत्येक कोमट वस्तू थोडीफार ऊर्जा सोडतच असते. ही ऊर्जा तापमानाच्या भाषेत, केल्विनमध्ये सांगतात. मोकळं आकाश त्याला दहा-वीस केल्विनचं दिसतं, जमीन आणि जांभ्याची भिंत सुमारे ३०० केल्विनची. सूर्य खरं तर दहा हजारांच्या वर, पण त्याची थाळी जेमतेम अर्धा अंश आणि ६० सेंटिमीटर छत्रीचा झोत, म्हणजे ती एका वेळी बघते तो आकाशाचा तुकडा, ३ अंशांचा. झोतात तो एवढासा भाग व्यापत असल्यामुळे छत्रीच्या हिशेबी सूर्य दोन-अडीचशे केल्विनचा, म्हणजे अंगणातल्या भिंतीहूनही किंचित थंडच ठरतो.

म्हणून माडाच्या झावळ्यांमधून सूर्य दिसतोय ना, मग चालेल, हे धरू नका. झावळी, आंब्याची फांदी, शेजारचं कौलारू छप्पर, सगळंच काटा चढवतं. झोताच्या दोन्ही बाजूंना किमान ५ अंश मोकळं आकाश हवं. हात लांब करून मूठ धरली तर ती साधारण १० अंश भरते, अर्ध्या मुठीचा अंदाज पुरे. गंमत म्हणजे पत्र्याचं छप्पर फसवतं ते उलट्या दिशेने. धातू स्वतः फारसं उत्सर्जन करत नाही, वरचं थंड आकाशच परावर्तित करतो. पत्र्याला ‘जमीन’ धरून तुलना केलीत तर पुढची सगळी मापं बिघडतील. समुद्राचंही तसंच. ११ गिगाहर्ट्झला पाणी जमिनीपेक्षा बरंच थंड दिसतं, त्यामुळे मापाला समुद्र घेऊ नका. जांभ्याची भिंत किंवा कोरडी माती घ्या.

फाइंडरची चक्री

छत्री आधी सूर्यावर लावून मग काटा कमी-जास्त करणारी चक्री फिरवत बसणं ही हमखास होणारी चूक. काटा शेवटाला जाऊन टेकतो आणि मग काहीच कळत नाही. क्रम उलटा ठेवा. एलएनबी चालू करून २०-३० मिनिटं तसाच ठेवा, कारण उन्हात तो तापतो तसं त्याचं वर्धन, म्हणजे संकेत मोठा करण्याचं प्रमाण, बदलतं. मग छत्री रिकाम्या आकाशाकडे करून काटा १० पैकी २ वर आणा. त्यानंतर भिंतीकडे वळवा. काटा ६-७ च्या पुढे गेला तर एलएनबीपासून काट्यापर्यंतची साखळी ठीक आहे. एलएनबीच्या तोंडासमोर तळहात धरला तरी काटा उठला पाहिजे. या चाचणीत नापास झालेल्या छत्रीला सूर्य दाखवून उपयोग नाही.

काटा मुळीच हलत नसेल तर आधी वीज तपासा. फाइंडरला दोन तोंडं असतात, एक एलएनबीकडे आणि दुसरं रिसीव्हरकडे. ती उलटी जोडली की सगळं मुकं. सेटटॉप बॉक्स नसेल तर रिसीव्हरच्या तोंडाला बॅटरी जोडावी लागते, मधली तार धन आणि बाहेरचं कवच ऋण. इथे उलटं झालं तर एलएनबी जळू शकतो. ९ व्होल्टच्या दोन चौकोनी बॅटऱ्या कामाच्या नाहीत. एलएनबी १०० ते २०० मिलिअँपिअर ओढतो, त्या तास-दोन तासांत आडव्या होतात. १२ व्होल्टची ७ अँपिअर-तासांची सीलबंद बॅटरी घ्या. बहुतेक एलएनबी तेवढ्यावर चालतात. तिला चार्ज होणारे १.२ व्होल्टचे ४ सेल एकसर जोडले की सुमारे १७ व्होल्ट मिळतात आणि एलएनबी दुसऱ्या ध्रुवणावर जातो, म्हणजे उभ्याऐवजी आडव्या कंपनाच्या लहरी ऐकतो. हे पुढे कामाला येणार आहे.

सूर्य की उपग्रह?

दूरचित्रवाणीचे उपग्रह विषुववृत्तावर असतात, आणि १७ अंशांवरून त्यांचा पट्टा पूर्वेकडून पश्चिमेकडे कमानीसारखा दिसतो. थेट दक्षिणेला त्याची उंची सुमारे ७० अंश. सूर्य ३ अंश दक्षिण क्रांतीवर (आकाशातल्या विषुववृत्ताच्या ३ अंश दक्षिणेला) असतो तेव्हा तो याच पट्ट्यावरून सरकतो, म्हणजे १२-१३ मार्च आणि १ ऑक्टोबरच्या आगेमागे. याच दिवसांत टीव्हीचं चित्र भरदिवसा काही मिनिटं जातं. नवशिक्यांनी या दोन तारखांच्या आगेमागे आठवडाभर तरी प्रयोग टाळावा. टाळायचा नसेल तर व्होल्टेज १२ वरून १७ वर नेऊन बघा. उपग्रहाचे संकेत ध्रुवित असतात, त्यामुळे काटा ठळक बदलतो. सूर्याच्या उष्णतेच्या किरणांना ध्रुवणाशी देणंघेणं नाही, काटा जवळपास जागेवर राहतो. दुसरी खूण सोपी: छत्री हलवू नका. उपग्रह जागचा हलत नाही. सूर्य मात्र ४ मिनिटांत १ अंश सरकतो आणि १२-१३ मिनिटांत झोतातून बाहेर पडतो.

खरी नोंद घ्यायची तीही अशीच. सूर्य २० मिनिटांनी जिथे पोचणार तिथे, म्हणजे त्याच्या वाटेवर सुमारे ५ अंश पश्चिमेला, छत्री लावून ठेवा आणि ४० मिनिटं दर ३० सेकंदांनी आकडा लिहा. मध्ये एक गुळगुळीत टेकडी आली पाहिजे. दातेरी आलेख आला तर जोडणी सैल आहे.

नेम

टीव्हीची छत्री समोर दिसते तिथे बघत नाही. एलएनबी खालच्या बाजूला असल्याने झोत छत्रीच्या तोंडाच्या दिशेपेक्षा वर जातो. किती वर, ते रुंदी आणि उंची मोजून काढता येतं. ६० सेंटिमीटर रुंद आणि ६५ सेंटिमीटर उंच छत्रीचा हा कोन सुमारे २३ अंश येतो, कारण त्या कोनाची कोज्या (कोसाइन) ६० भागिले ६५. नेम बरोबर असला की एलएनबीची सावली छत्रीच्या खालच्या काठाच्या मध्यावर पडते. ती छत्रीच्या केंद्रावर आणू पाहणारे तासभर झटत बसतात.

कोकणात आणखी एक अडचण. रत्नागिरीत ८ मेच्या सुमारास दुपारी सूर्य थेट डोक्यावर येतो आणि छत्रीचा स्टँड तितका झुकतच नाही. त्या दिवसांत सकाळी ९ किंवा दुपारी साडेचारची वेळ धरा.

गंजलेल्या छत्रीला चकचकीत चंदेरी रंग लावू नका. खडबडीत, मंद रंग ऊन विखुरतो. चकचकीत छत्री तेच ऊन एलएनबीवर गोळा करते आणि प्लास्टिकची टोपी वितळते. मंद रंगाचा एकच पातळ हात पुरे.

खारा वारा आणि गांधीलमाश्या

जोडणीत हिरवट बुरशीसारखं काही दिसलं की तो कनेक्टर फेकून द्या, घासून काही होत नाही. स्वस्त केबलची मधली तार तांब्याचा मुलामा दिलेलं पोलाद असते, कापलेल्या टोकाला ती गंजते. नवीन एफ कनेक्टर लावताना बाहेरच्या जाळीचा एखादा केस मधल्या तारेला टेकत नाही ना बघा. जोडणीवर स्वतःला चिकटणारी रबरी टेप गुंडाळा आणि केबलला खाली एक झोळ द्या, म्हणजे पाणी तिथून गळून जाईल. एलएनबीची टोपी फुटलेली असेल तर आत कोळ्याचं जाळं नाहीतर मातीचं घरटं करणारी माशी असतेच. ओली माती ११ गिगाहर्ट्झचे संकेत गिळते.

पावसाचा दाट ढग आला की काटा वर जातो. हा सूर्य नव्हे. ढगातलं पाणी स्वतः उत्सर्जन करतं. बंदराजवळ असाल तर ट्रॉलरच्या रडारमुळे दर दोन-तीन सेकंदांनी टिचकी बसू शकते, कारण ती रडारं ९.४ गिगाहर्ट्झच्या आसपास चालतात. मोबाइल टॉवरचा संशय असेल तर एलएनबीचं तोंड जाड फॉइलने पूर्ण झाका. तरीही काटा उडत असेल तर त्रास केबलमधून शिरतोय.

याच छत्रीने आकाशगंगा?

नाही. आकाशगंगेतला हायड्रोजन १४२०.४ मेगाहर्ट्झला बोलतो, टीव्हीचा एलएनबी १०.७ गिगाहर्ट्झच्या खाली ऐकत नाही. चंद्रही विसरा, त्याचे चार-पाच केल्विन फाइंडरला जाणवत नाहीत. गुरूचे स्फोट २० मेगाहर्ट्झला येतात, त्यासाठी ७ मीटर लांब तारेचा द्विध्रुव (डायपोल अँटेना) लागतो.

हायड्रोजनसाठी पुठ्ठा आणि अॅल्युमिनियम फॉइलचा कर्णा, तोंडाशीच बसवलेला गाळणीसह (फिल्टरसह) वर्धक, म्हणजे अॅम्प्लिफायर, आणि संगणकाला लावायचा एसडीआर, म्हणजे सॉफ्टवेअरवर चालणारा रेडिओ, घ्या. वर्धक संगणकाजवळ लावणं ही इथली नेहमीची चूक; तोवर केबलने संकेत खाल्लेला असतो. जूनच्या मध्यावर मध्यरात्री धनू राशीतलं आकाशगंगेचं केंद्र दक्षिणेला ४४ अंशांवर असतं. तेव्हा कोकणात डोळ्यांना एक तारा दिसत नाही, पण हायड्रोजनच्या २१ सेंटिमीटरच्या लहरी ढगांतून सहज येतात. फक्त गडगडाट ऐकू आला की केबल काढून कर्णा पडवीत आणायचा.