गुलामीतून सुटलेल्या बायकांची आत्मकथनं गटात कशी वाचायची

पुस्तक हातात आलं की लगेच पहिल्या प्रकरणाकडे धावू नका, आधी टायटलचं पान आणि प्रस्तावना नीट वाचा. एरवी प्रस्तावना आपण सगळेच सोडून देतो, पण अमेरिकेतल्या आणि तिकडच्या बेटांवरच्या गुलाम काळ्या बायकांच्या ह्या पुस्तकांमध्ये अर्धी गोष्ट तिथेच असते, बाई बोलली कुणापुढे, लिहून कुणी घेतलं, छापलं कुणी, हे सगळं तिथे कळतं, आणि ते कळलं की मग ती काय बोलली नाही तेपण दिसायला लागतं. मला सांगायचंय ते एवढंच आहे खरं तर. तिने सांगितलेलं वाचाच, पण जे झाकलंय ते तिने स्वतः ठरवून झाकलंय की दुसऱ्या कुणी, हे शोधत शोधत वाचा.

आमचा वाचन गट बडोद्यात दांडिया बाजारात भरतो, इंग्रजी येतं पण दोनशे वर्षांपूर्वीचं इंग्रजी म्हटलं की दचकतात अशा बायका जास्त, म्हणून आमची पद्धत अशी की एकीने घरी आधी वाचून यायचं, गटात मराठीत सांगायचं आणि त्यातला एखादा जबरदस्त उतारा मूळ इंग्रजीत मोठ्याने वाचायचा. गुगल ट्रान्सलेटवर टाकून वाचू नका प्लीज, तिचा आवाज पार निघून जातो. पुस्तकं विकत घ्यायची गरज नाही, कॉपीराइट कधीच संपलाय, नॉर्थ कॅरोलिना युनिव्हर्सिटीच्या ‘डॉक्युमेंटिंग द अमेरिकन साउथ’ ह्या साइटवर फुकट आहेत, आणि डोळ्यांचा त्रास असेल त्यांनी लिब्रिवॉक्सवर ऑडिओ शोधावा.

वाचायला बसण्याआधी कायद्याच्या एक-दोन गोष्टी सगळ्यांना सांगून ठेवा, नाहीतर मध्येच प्रश्न येतात आणि लय जाते. एक म्हणजे मूल आईचं. म्हणजे आई गुलाम तर मूल गुलाम, बाप कुणीही असो, मालक स्वतः असला तरी. अमेरिकेतल्या व्हर्जिनियात हा कायदा १६६२ सालीच झाला, आणि पुढे सगळीकडे हीच रीत. ह्याचा अर्थ काय होतो ते जरा थांबून बोला गटात, मालकाने जबरदस्ती केली तर त्यातून त्याची मालमत्ता वाढायची. दुसरं म्हणजे अमेरिकेतला १८५० चा फरारी गुलामांचा कायदा, त्यामुळे उत्तरेत, म्हणजे जिथे गुलामी नव्हती त्या राज्यांत, पळून गेलेल्या माणसालासुद्धा पकडून परत नेता यायचं, म्हणून न्यूयॉर्कला पोचूनही ह्या बायका बिनघोर झोपू शकत नव्हत्या.

सुरुवात मेरी प्रिन्सपासून करा, पुस्तक बारीक आहे. बर्म्युडा ह्या ब्रिटिशांच्या बेटावर गुलामीत जन्मलेली, १८२८ मध्ये मालक-मालकिणीबरोबर लंडनला आली आणि तिथे त्यांचं घर सोडून निघून गेली. १८३१ मध्ये पुस्तक आलं, ब्रिटनमध्ये छापलेलं काळ्या बाईचं हे पहिलं आत्मकथन. तिने सांगितलं, सुझाना स्ट्रिकलंड नावाच्या बाईंनी लिहून घेतलं आणि गुलामीविरोधी संस्थेचे सेक्रेटरी थॉमस प्रिंगल ह्यांनी संपादन केलं. लिलावाचा भाग हळू वाचा. तिची आई मुलींना विकायला न्यायच्या आधी नवे कपडे घालते आणि म्हणते की मी माझ्या लेकरांना कफन चढवतेय. आमच्याकडे ह्या वाक्यानंतर बराच वेळ कुणी बोललं नाही, आणि बोलायची घाई करूही नये. पुढे टर्क्स बेटावरची मिठागरं येतात, दिवस दिवस खाऱ्या पाण्यात उभं राहून पायांना हाडापर्यंत जाणाऱ्या जखमा. गुजरातेत राहणाऱ्या आपल्याला कच्छच्या छोट्या रणातले मीठ पिकवणारे अगरिया माहितीयत, मिठाने पायांचं काय होतं ते वेगळं समजवावं लागत नाही.

आता झाकलेल्याचा मुद्दा. पुस्तकावरून लंडनमध्ये बदनामीचे खटले झाले, आणि १८३३ मध्ये मेरी स्वतः कोर्टात उभी राहिली. तिथे तिने एका कॅप्टनबरोबर काही वर्षं राहिल्याचं सांगितलं, आणि हेही सांगितलं की लिहून घेणाऱ्या बाईंना हे मी सांगितलं होतं. पुस्तकात ते नाहीये! म्हणजे मेरीने लपवलं नव्हतं, छापणाऱ्यांना चर्चला जाणाऱ्या इंग्रज वाचकांपुढे एक स्वच्छ बाई उभी करायची होती. मला त्यांच्यावर राग येतो, आणि त्यांच्याशिवाय हे पुस्तकच आलं नसतं हेपण दिसतं, दोन्ही खरं आहे, गटात दोन्ही बाजूंनी बोलू द्या.

मग हॅरिएट जेकब्स, आणि इथे घाई अजिबात नको, जितका वेळ लागेल तितका द्या. ‘इन्सिडेंट्स इन द लाइफ ऑफ अ स्लेव्ह गर्ल’, १८६१, टोपणनाव लिंडा ब्रेंट. नॉर्थ कॅरोलिनातल्या ईडनटनची. मालक मागे लागलेला, त्याला चुकवायला ती दुसऱ्या एका गोऱ्या वकिलाशी संबंध ठेवते, त्याच्यापासून दोन मुलं होतात, आणि ते लिहिताना ती वाचकाला सरळ म्हणते की गुलाम बाईला तुमच्या फूटपट्टीने मोजू नका. हा भाग आला की गटात कुणीतरी ‘पण तिने असं करायला नको होतं’ म्हणतंच. त्या बाईला गप्प करू नका, उलट तिलाच तो उतारा परत वाचायला लावा.

नंतर ती आजीच्या घराच्या माळ्यावर लपते, जवळजवळ सात वर्षं. जागा नऊ फूट लांब, सात फूट रुंद आणि सगळ्यात उंच ठिकाणी तीन फूट, छप्पर उतरतं. हे नुसतं वाचून कळत नाही. खडूने हॉलमध्ये तेवढी जागा आखा, मेजर टेप घेऊन भिंतीवर तीन फुटांवर खूण करा, आणि ज्यांचे गुडघे बरे आहेत त्यांनी त्या खुणेखाली डोकं ठेवून कूस बदलून बघा. मग तिची भोकाची गोष्ट वाचा. तिला त्या अंधारात एक गिरमिट सापडतं, त्याने ती एकाखाली एक अशा भोकांच्या तीन ओळी पाडते आणि मधलं लाकूड कोरून काढून इंचभर लांब-रुंद झरोका करते, त्यातून तिला रस्त्यावर खेळणारी स्वतःची मुलं दिसतात. मुलांना माहीत नाही आई वर आहे.

आणि नुसती दुःखाची म्हणून वाचू नका हो, बाई भयंकर हुशार आहे. न्यूयॉर्कच्या एका जुन्या वर्तमानपत्राचा तुकडा मिळवून त्यातून तिथल्या रस्त्यांची नावं घेते, मालकाला पत्र लिहिते आणि ते उत्तरेतून पोस्ट करवते, म्हणजे तो तिला तिकडे शोधत बसेल. आजीलाही एक पत्र असतं, ते मालकाच्याच हाती पडतं, तर तो त्याच्या जागी स्वतः लिहिलेलं पत्र आणून आजीला वाचून दाखवतो आणि ही आतून ऐकत असते! १८४२ मध्ये ती बोटीने फिलाडेल्फियाला सुटते.

इथे लेखणी तिच्याच हातात होती हे लक्षात ठेवा. नावाजलेल्या लेखिका हॅरिएट बीचर स्टो हिला तिची कहाणी आपल्या पुस्तकात वापरायची होती, ते जेकब्सला पटलं नाही, मग तिने दुसऱ्यांची मुलं सांभाळायची नोकरी करत स्वतः लिहिलं. तरी शंभरावर वर्षं लोक म्हणत राहिले की हे संपादिका लिडिया चाइल्डने लिहिलेलं असणार. जीन फेगन येलिन ह्या अभ्यासक बाईंनी जुनी पत्रं शोधून १९८०च्या दशकात सिद्ध केलं की लिहिणारी जेकब्सच. मला हा भाग वाचून फार बरं वाटतं, कुणीतरी चिकाटीने कागद चाळत बसलं म्हणून तिचं तिला मिळालं.

‘आपल्याकडेपण असंच होतं’ हे वाक्य मात्र पहिल्याच बैठकीत येऊ देऊ नका. येणारच, आणि विषय परका नाहीच आहे, जोतीरावांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती अमेरिकेत गुलामी मोडायला झटलेल्या लोकांना, आणि त्याच अमेरिकेतून शिकून आलेल्या बाबासाहेबांना १९१७ मध्ये आपल्या ह्या बडोद्यात राहायला जागा मिळेना. कमाटीबागेत आपण रोज फिरायला जातो, तिथे ह्याची आठवण आहे. पण तुलना लवकर सुरू झाली की मेरी आणि हॅरिएट बाजूला पडतात आणि आपण आपलंच बोलत बसतो. त्यांचं पूर्ण ऐकून घ्या, मग एक अख्खी बैठक तुलनेला ठेवा आणि तेव्हा दलित बायकांची आत्मकथनंही समोर असू द्या, ऐकीव गोष्टींवर बोलू नका.

गुलामीतून सुटून पुढे भाषणं देत फिरलेल्या सोजर्नर ट्रुथचं १८५० चं पुस्तकही सांगून लिहवलेलं. ॲक्रन शहरात बायकांच्या हक्कांच्या परिषदेत तिने केलेल्या भाषणाची दोन रूपं शेजारी ठेवून वाचा, १८५१ मध्ये लगेच छापलेलं आणि १८६३ मध्ये फ्रान्सिस गेजने लिहिलेलं. ‘मी बाई नाही का’ हे सगळीकडे पोस्टरवर दिसणारं वाक्य पहिल्यात नाहीच, आणि दुसऱ्यात तिच्या तोंडी दक्षिणेतली बोली घातलीय, जी न्यूयॉर्क राज्यात डच बोलत वाढली तिच्या! कुणी लिहून घेतलं ह्याने काय फरक पडतो ते ह्या एका उदाहरणात कुणालाही पटतं.

शेवटी एलन क्राफ्ट, एका बैठकीत होऊन जाईल. १८४८ च्या डिसेंबरात जॉर्जियातल्या मेकनहून ती गोऱ्या पुरुषाचा वेश करून निघाली, नवरा विल्यम तिचा नोकर झाला, आणि सही मागितली तर काय, लिहिता तर येत नाही, म्हणून उजवा हात झोळीत बांधून घेतला. नाताळच्या दिवशी दोघं फिलाडेल्फियात. पुस्तक १८६० मध्ये आलं, पण त्यात ‘मी’ म्हणून बोलतो तो विल्यमच. गटात प्रत्येकीने एलनच्या बाजूने एक प्रसंग मराठीत लिहून आणायचा, पण पुस्तकात आहे तेवढंच धरून, पदरचं काही न घालता, आणि जिथे एलनला काय वाटलं ते पुस्तक सांगतच नाही तिथे ओळ कोरी सोडायची.